तारामतीपासून जोधाबाईपर्यंत
(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत दिलेले भाषण)



सुवर्णमहोत्सवाच्या या व्याख्यानमालेत मराठी रंगभूमी अथवा चित्रपट यांविषयी काही बोलावे, अशी सूचना कार्यकारिणीने केली, तेव्हा विषय शोधण्यासाठी मला फार दूर जावे लागले नाही. पन्नाशी गाठलेल्या संस्थेपुढे जो प्रश्न उभा असतो, तोच प्रत्येक नटापुढे त्याच्या आयुष्यात केव्हा ना केव्हा उभा राहतो. ज्या भूमिकेने आपल्याला नाव मिळवून दिले, ती भूमिका केव्हा सोडायची आणि कशी सोडायची, हा तो प्रश्न. मी समीक्षक नव्हे. नाटक-सिनेमा आवडीने पाहणारा आणि त्याविषयी मिळेल ते वाचणारा एक प्रेक्षक आहे. तेव्हा आजचे माझे बोलणे एका प्रेक्षकाने दुसऱ्या प्रेक्षकांशी केलेला संवाद आहे, एवढे समजून ते ऐकावे, ही विनंती.

नटाच्या आयुष्यातील पहिली यशस्वी भूमिका ही मोठी विलक्षण गोष्ट असते. ती त्याला नाव देते, मानधन देते, रस्त्यातून जाताना ओळखणारी माणसे देते. परंतु त्याच क्षणी प्रेक्षक आपल्या मनात त्याची एक तसबीर लावून ठेवतो, आणि पुढे तो नट त्या तसबिरीसारखा दिसला नाही की प्रेक्षक हिरमुसतो. यात प्रेक्षकाचा दुष्टपणा नसतो. त्याचे प्रेमच त्याला तसे करावयास लावते. पण निंदेपासून नट स्वतःला वाचवू शकतो, या प्रेमापासून वाचणे फार अवघड जाते.

याचे सर्वांत मोठे, आणि सर्वांत हृद्य, उदाहरण म्हणजे नारायणराव राजहंस, अर्थात आपले बालगंधर्व. १९०५ साली मिरजेस किर्लोस्कर मंडळीत त्यांनी शकुंतलेची भूमिका केली, तेव्हा ते अवघे सतरा वर्षांचे होते. पुढे १९११ मध्ये 'मानापमाना'तील भामिनी, १९१६ मध्ये 'स्वयंवरा'तील रुक्मिणी, १९१९ मध्ये 'एकच प्याला'तील सिंधू अशी त्यांची एकाहून एक सरस रूपे महाराष्ट्राने पाहिली. घराघरांतील स्त्रियांनी त्यांच्याकडे पाहून लुगडे कसे नेसावे, अंबाडा कसा घालावा, हे ठरवले. अशा कलावंताने १९३५ साली प्रभातच्या 'धर्मात्मा' या बोलपटात संत एकनाथांची भूमिका केली. व्ही. शांतारामांसारखा दिग्दर्शक, प्रभातसारखी संस्था आणि विषयही मराठी मनाला जवळचा. तरीही तो पुरुषवेष लोकांच्या मनात उतरला नाही. बालगंधर्व पुन्हा रंगभूमीवर आणि पुन्हा स्त्रीवेषात परतले, आणि वय उताराला लागल्यावरही त्याच भूमिका करीत राहिले. तोवर काळ बदलला होता. १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा' या नाटकात ज्योत्स्नाबाई भोळे यांच्यासारख्या स्त्रिया स्वतःच रंगमंचावर उभ्या राहिल्या होत्या. गंधर्वांचा स्वर ऐकायला लोक तरीही जात होते, डोळे मिटून ऐकत होते. त्या स्वराला मी नमस्कारच करतो. पण प्रेक्षकाने डोळे मिटून पाहावे, ही नटाच्या बाबतीत सुखाची गोष्ट म्हणता येईल का?

त्याच पिढीतील केशवराव दाते यांनीही आरंभी स्त्रीभूमिका केल्या होत्या. परंतु वेळीच त्यांनी त्या बाजूला ठेवल्या आणि पुढे 'अमृतमंथना'च्या मराठी आवृत्तीतील राजगुरू, १९३७ च्या 'कुंकू'मधील वृद्ध काकासाहेब अशा भूमिका उभ्या केल्या की, त्यांनी कधीकाळी पदर घेतला होता, हे नव्या प्रेक्षकाला सांगूनही खरे वाटू नये. एकाच काळातल्या, एकाच परंपरेतल्या या दोन थोर नटांच्या वाटा इथे वेगळ्या झाल्या. त्या का वेगळ्या होतात, हे समजून घेण्यासाठी आज मी ज्यांची कारकीर्द आपल्यापुढे ठेवणार आहे, त्या म्हणजे दुर्गाबाई खोटे.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ चा. मुंबईतील लाड घराण्यातील ही मुलगी. वडील सॉलिसिटर, घर सुखवस्तू, शिक्षण आधी कॅथीड्रल शाळेत आणि मग सेंट झेवियर्स महाविद्यालयात. लग्न झाले तेही खोट्यांच्या श्रीमंत घरात. पुढे सासरची आर्थिक घडी विस्कटली आणि दोन लहान मुलांसह संसाराचा भार या तरुण स्त्रीवर आला. त्या काळच्या शिकलेल्या, घरंदाज स्त्रीला अर्थार्जनाचे मार्ग असे कितीसे मोकळे होते? १९३१ मध्ये मोहन भवनानी यांच्या 'फरेबी जाल' या चित्रपटात त्यांनी एक छोटीशी भूमिका केली. त्या चित्रपटाने त्यांना लौकिक काहीच दिला नाही, लोकनिंदा मात्र भरपूर दिली. सभ्य घरातील बाई पडद्यावर गेली, एवढेच लोकांच्या ध्यानात राहिले.

या निंदेचे वजन समजण्यासाठी थोडे मागे जावे लागेल. १९१३ साली दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला, तेव्हा तारामतीच्या भूमिकेसाठी त्यांना एकही स्त्री मिळाली नाही. शेवटी उपाहारगृहात काम करणाऱ्या साळुंके नावाच्या एका तरुणाला त्यांनी तारामती केले. त्यानंतर एकोणीस वर्षांनी कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीने तीच कथा 'अयोध्येचा राजा' या नावाने बोलपटात आणली. १९३२ च्या फेब्रुवारीत प्रदर्शित झालेला हा पहिला मराठी बोलपट. दिग्दर्शक व्ही. शांताराम, हरिश्चंद्राच्या भूमिकेत गोविंदराव टेंबे, संगीतही त्यांचेच. आणि तारामती दुर्गा खोटे! जी भूमिका करण्यास एकोणीस वर्षांपूर्वी कोणीही स्त्री तयार होत नव्हती, ती आता महाविद्यालयात शिकलेल्या एका स्त्रीने केली. पार्श्वगायनाची सोय त्या वेळी नव्हती. पडद्यावर दिसणाऱ्यानेच गायचे, अशी रीत. दुर्गाबाईंनी आपली गाणी स्वतः म्हटली. चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत निघाला आणि दोन्ही भाषांच्या प्रेक्षकांना ही उंच बांध्याची, करारी मुद्रेची राणी आवडली.

वर्षभरापूर्वी ज्यांनी नाके मुरडली, त्यांनीच आता कौतुक केले. अशा वेळी कोणाही माणसाला वाटेल की, आता येथेच थांबावे. राजघराण्यातील पतिव्रता, संकटांतही ताठ मानेने उभी राहणारी राणी, हा साचा तयार झालेला होता. पौराणिक चित्रपटांचा तो सुकाळ होता. तारामतीनंतर दमयंती, दमयंतीनंतर द्रौपदी असे करीत आयुष्य सहज निघाले असते. प्रभातच्याच 'माया मच्छिंद्र'मध्ये त्याच वर्षी त्या स्त्रीराज्याच्या राणीच्या भूमिकेत दिसल्या. तीही राणीच, पण तारामतीच्या अगदी उलट स्वभावाची, सत्ता गाजवणारी. साच्याला पहिला तडा त्यांनी असा लगेच दिला.

दुसरी गोष्ट मला अधिक महत्त्वाची वाटते, आणि आपणा सर्वांना ती जवळची वाटेल. त्या काळी नट-नट्या एकेका कंपनीच्या मासिक पगारावर असत. पगार ठरलेला, मुक्काम ठरलेला, भूमिका मालक ठरवील ती. दुर्गाबाईंनी एका कंपनीशी स्वतःला कायमचे बांधून घेतले नाही. असे स्वतंत्रपणे काम करणाऱ्या पहिल्या काही कलावंतांत त्यांची गणना होते. त्या थेट कलकत्त्यास गेल्या. न्यू थिएटर्सच्या 'राजरानी मीरा'मध्ये १९३३ साली त्यांनी मीरा केली. १९३४ साली ईस्ट इंडिया फिल्म कंपनीच्या 'सीता'मध्ये त्या सीता झाल्या, आणि त्यांच्यासमोर राम होते पृथ्वीराज कपूर. दोन्ही चित्रपटांचे दिग्दर्शक देवकी बोस. 'सीता' पुढे व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. १९३५ च्या 'इन्किलाब'मध्येही देवकीबाबूंनी त्यांना भूमिका दिली.

मुंबईची मराठी बाई, सभोवार बंगाली बोलणारी माणसे, पडद्यावर बोलायचे ते हिंदीत. आपल्यापैकी अनेकांनी बदलीच्या निमित्ताने, नोकरीच्या निमित्ताने परगावचे पहिले वर्ष अनुभवले आहे. बाजारात भाव विचारताना जीभ अडखळते, आपल्या घरचा, गावचा लौकिक तेथे कोणाला ठाऊक नसतो, सारे पुन्हा पहिल्यापासून सिद्ध करावे लागते. त्या परगावाचा एक उपकारही असतो. आपल्याविषयीची कोणतीच तसबीर तेथे आधीपासून लावलेली नसते. माणसाला नव्याने घडण्याची मोकळीक मिळते. दुर्गाबाईंच्या बाबतीत कलकत्त्याने हेच केले असावे, असे मला वाटते. प्रभातची तारामती म्हणून त्या गेल्या आणि हिंदुस्थानातील कोणत्याही प्रांतात काम करू शकणारी अभिनेत्री म्हणून परत आल्या.

परत आल्यावर त्यांनी शांतारामांच्याच 'अमरज्योती'त, १९३६ साली, सौदामिनी केली. राज्याच्या कायद्याने जिचा आईपणाचा हक्क नाकारला, ती सौदामिनी बंड करून समुद्रावर लुटारूंची नायिका होते. चार वर्षांपूर्वी पतीच्या वचनासाठी स्वतःला विकू देणारी तारामती आणि आज राज्यसत्तेविरुद्ध शस्त्र उचलणारी सौदामिनी. संस्था एकच, दिग्दर्शक एकच, अभिनेत्रीही एकच. १९३७ च्या सुमारास 'साथी' या चित्रपटाच्या निर्मितीतही त्या उतरल्या. स्त्रियांनी निर्मितीचा विचारही न करण्याचा तो काळ होता.

आता मी या कारकिर्दीतील ज्या वळणाकडे आपले लक्ष वेधणार आहे, ते १९४१ ते १९४३ या तीन वर्षांतले आहे. १९४१ साली आचार्य अत्रे यांच्या संस्थेने 'पायाची दासी' हा चित्रपट काढला. हिंदीत तो 'चरणोंकी दासी' या नावाने आला. त्यात सुनेच्या भूमिकेत होत्या वनमालाबाई, आणि तिचा छळ करणाऱ्या सासूच्या भूमिकेत दुर्गाबाई. त्यांचे वय तेव्हा छत्तीस. पुढच्याच वर्षी विजय भट्ट यांच्या 'भरतमिलाप'मध्ये त्या कैकेयी झाल्या. सीतेच्या भूमिकेत तेथे शोभनाबाई समर्थ होत्या. श्रोतेहो, आठ वर्षांपूर्वी ज्या स्वतः सीता होत्या, त्याच आता सीतेला वनात धाडणाऱ्या कैकेयी झाल्या. १९४३ मध्ये सोहराब मोदी यांच्या 'पृथ्वीवल्लभ'मध्ये त्यांनी मृणालवती केली: कठोर, वैराग्याचा अभिमान बाळगणारी आणि बंदिवान राजापुढे आतून विरघळत जाणारी राजभगिनी. अभ्यासकांनी ही त्यांच्या श्रेष्ठ भूमिकांपैकी एक मानली आहे.

नायिकेच्या जागेवरून खाली उतरण्याचा हा प्रसंग. जाहिरातीत नाव दुसऱ्या ओळीत जाते, गाणी दुसरीला मिळतात, प्रेक्षकांची सहानुभूतीही तिच्याकडेच वळते. त्याहून कठीण म्हणजे, कालपर्यंत ज्यांनी पूजा केली, त्यांच्याकडून आता शिव्या घ्यायच्या असतात. सासूची भूमिका चांगली वठली की प्रेक्षकगृहातील बायाबापड्या बोटे मोडणारच! आणि तरीही बंगालमधील चित्रपट-पत्रकारांच्या संघटनेने त्यांना उत्कृष्ट अभिनेत्रीचा मान दिला, तो या सासूसाठी आणि या कैकेयीसाठी. ही पावती मला फार बोलकी वाटते. पूजनीय भूमिका करणारीकडून कैकेयी होण्याचे धैर्य त्यांनी दाखवले आणि त्या धैर्यानेच त्यांना पुढील चाळीस वर्षे दिली.

येथे कोणी म्हणेल, यात निवड कसली? चित्रपटसृष्टी बायकांना तिशी ओलांडताच आई करते, सासू करते. पुरुष मात्र पन्नाशीतही झाडाभोवती गाणी म्हणत फिरतात. हा आक्षेप खरा आहे आणि तो मी टाळू इच्छीत नाही. १९७० च्या 'जॉनी मेरा नाम'मध्ये देव आनंद यांच्या आईची भूमिका आपल्या सुलोचनाबाईंनी केली. देव आनंद १९२३ चे, सुलोचनाबाई १९२८ च्या. आई मुलापेक्षा पाच वर्षांनी धाकटी! 'वहिनींच्या बांगड्या'सारख्या चित्रपटाने ज्यांना घरोघरी नेले, त्या सुलोचनाबाईंनी हिंदीत आयुष्यभर पांढरे पातळ नेसून लेकरांची वाट पाहिली. या अन्यायाला न्याय म्हणण्याचे कारण नाही.

काहींच्या बाबतीत तर नियतीच भूमिका हिसकावून घेते. येवल्याच्या ललिताबाई पवार मूकपटांच्या काळापासून नायिका होत्या. १९४२ मध्ये चित्रीकरणाच्या वेळी गालावर बसलेल्या एका थपडेने त्यांच्या चेहऱ्याच्या एका बाजूला पक्षाघात झाला. दीर्घ उपचारांनंतर डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेचा चेहरा गेला. चेहऱ्यावर जगणाऱ्या स्त्रीला याहून मोठा घाव कोणता? पण त्याच बारीक डोळ्याचा त्यांनी असा उपयोग केला की, खाष्ट सासू म्हटले की सबंध देशाला त्यांची आठवण होऊ लागली. मग त्याही साच्यातून त्या बाहेर आल्या. 'श्री ४२०'मधील केळीवाली आणि 'अनाडी'तील वरून तिखट, आतून प्रेमळ अशी मिसेस डिसा आठवून पाहा. १९८७ साली दूरदर्शनवर 'रामायण' सुरू झाले, तेव्हा मंथराही त्याच होत्या.

सांगायचे ते असे की, भूमिका बदलण्याची वेळ पुष्कळदा आपल्या हातात नसते. काळ, बाजार, दैव यांपैकी कोणीतरी ती ठरवते. नटाच्या हातात उरते ते एवढेच की, जी नवी जागा मिळाली ती तोंड वाकडे करून अडवायची, की आपल्या सगळ्या सामर्थ्यानिशी भरून काढायची. दुर्गाबाईंनी ती भरून काढली, आणि असे करताना मागील भूमिकेतील उत्तम ते बरोबर घेतले. हे त्यांचे खरे कौशल्य.

याचा पुरावा १९६० च्या 'मुघल-ए-आझम'मध्ये आहे. तो चित्रपट आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिला असेल. मधुबालेचे सौंदर्य, दिलीपकुमार यांचा संयत आवेश, पृथ्वीराजांची गर्जना यांतून वाट काढून जोधाबाई आपल्या लक्षात राहते, ती कशामुळे? एकीकडे पती आणि राज्य, दुसरीकडे पोटचा पोर. कोणाचीही बाजू घेतली तरी तिचेच काळीज फाटायचे. असा पेच तारामतीपुढेही होता. पतीचे सत्य की मुलाचे प्राण, याच दोन टोकांच्या मध्ये ती उभी होती. सत्ताविसाव्या वर्षी तारामतीसाठी जे दुःख त्यांनी शोधले होते, तेच पंचावन्नाव्या वर्षी जोधाबाईसाठी उपयोगी आले. फक्त आता ते अधिक शांत झाले होते. आणि समोर अकबराच्या वेषात कोण? १९३४ साली ज्यांच्याबरोबर त्या सीता झाल्या होत्या, तेच पृथ्वीराज कपूर. तरुणपणी राम-सीता झालेली ही दोघे पाव शतकानंतर अकबर-जोधा होऊन एकमेकांसमोर उभी राहिली, तेव्हा त्या दृश्यांना जी खोली आली, ती नुसत्या रंगभूषेने आणि भरजरी पोशाखाने येणारी नव्हती.

रंगभूमीकडेही त्यांनी पाठ फिरवली नाही. मुंबई मराठी साहित्य संघाच्या रंगमंचावर त्या उभ्या राहिल्या. वि. वा. शिरवाडकर यांनी शेक्सपिअरच्या 'मॅक्बेथ'वरून लिहिलेल्या 'राजमुकुट'मध्ये पतीला राजहत्येस प्रवृत्त करणारी ती भीषण स्त्री त्यांनी साकारली. पुढे १९७३ साली राज कपूर यांच्या 'बॉबी'मध्ये त्या गोव्याकडच्या ख्रिस्ती कुटुंबातील आजी झाल्या. ज्या 'इन्किलाब'मध्ये १९३५ साली दुर्गाबाई होत्या, त्याच चित्रपटात राज कपूर बालकलाकार म्हणून दिसले होते. आता तोच मुलगा त्यांचा दिग्दर्शक होता. त्याच वर्षीच्या 'अभिमान'मध्ये त्या मावशी झाल्या, आणि १९७४ च्या 'बिदाई'मधील आईसाठी त्यांना उत्कृष्ट सहअभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. सत्तरीच्या उंबरठ्यावर सहअभिनेत्रीचे पारितोषिक घेताना, आपण एकेकाळी पहिल्या मराठी बोलपटाची नायिका होतो, याची खंत त्यांच्या कामात मला तरी कुठे दिसली नाही.

आणि अखेरीस कॅमेऱ्याच्या मागची भूमिकाही त्यांनी पत्करली. लघुपट, माहितीपट, जाहिरातपट काढणारी संस्था त्यांनी अनेक वर्षे चालवली. १९८८ मध्ये दूरदर्शनवर गाजलेली 'वागले की दुनिया' ही मालिका त्यांच्याच निर्मितिसंस्थेची. राणीच्या मुकुटापासून सुरू झालेला प्रवास एका सामान्य कारकुनाच्या घरातल्या चहाच्या कपापर्यंत आला. १९६८ मध्ये पद्मश्री आणि १९८३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. ज्या फाळक्यांना तारामतीसाठी स्त्री मिळाली नव्हती, त्यांच्याच नावाचा पुरस्कार एका तारामतीला मिळाला, या योगायोगाचे मला मोठे अप्रूप वाटते. १९८२ मध्ये प्रसिद्ध झालेले त्यांचे 'मी, दुर्गा खोटे' हे आत्मचरित्र आपल्या मंडळाच्या ग्रंथालयात नसेल, तर ते अवश्य घ्यावे. २२ सप्टेंबर १९९१ रोजी त्यांचे निधन झाले.

रसिकहो, आता आपल्याकडे वळतो. आपल्या मंडळाचे पहिले नाटक ज्यांनी बसवले, त्यांच्यापैकी काही आज आपल्यात नाहीत, काही पुढच्या रांगेत बसले आहेत. परप्रांतात मराठी नाटक उभे करणे म्हणजे काय असते, हे मुंबई-पुण्याच्या माणसाला सांगून कळणार नाही. कचेरी सुटल्यावर तालीम, कोणाच्या तरी दिवाणखान्यात सतरंज्या गुंडाळून केलेली जागा, नेपथ्यासाठी घरोघरचे पडदे, आणि मध्यंतरात बटाटेवडे! त्या माणसांनी नायक केले, नायिका केल्या, आणि आपण टाळ्या वाजवल्या. ते ऋण कधीच न फिटणारे आहे.

परंतु नायकाची भूमिका एकाच माणसाकडे पंचवीस वर्षे राहिली, तर पुढचा नायक तयार कधी व्हायचा? आपली येथे जन्मलेली मुले-मुली मराठी बोलतात, पण 'ळ' आणि 'च' यांपाशी अडखळतात. काहींना देवनागरी वाचायला वेळ लागतो. म्हणून आपण त्यांना द्वारपाल करतो, फार तर शेजाऱ्याचा मुलगा करतो आणि मुख्य भूमिका शुद्ध उच्चारांच्या हवाली करतो. दोन-तीन वर्षे द्वारपाल झालेला मुलगा चौथ्या वर्षी तालमीला येत नाही. त्याने मराठीकडे पाठ फिरवली, असे आपण म्हणतो. खरे पाहता, त्याच्या वाट्याला बोलण्यासारखी वाक्येच आपण ठेवलेली नसतात.

सुवर्णमहोत्सवाच्या वर्षी माझी एकच सूचना आहे. येत्या गणेशोत्सवातील नाटकात मुख्य भूमिका तिशीच्या आतील मंडळींना द्याव्यात. उच्चार तालमीत सुधारतील. नाही सुधारले, तर तेवढ्याने नाटक पडणार नाही. कलकत्त्यातल्या मराठी बाईचे हिंदी ऐकून घेणारे प्रेक्षक जर होते, तर आपल्याच नातवंडांचे मराठी ऐकून घेणारे प्रेक्षक आपण का होऊ नये? आणि ज्यांनी आजवर नायक केले, त्यांनी आता बापाची, सासूची, आजीची भूमिका घ्यावी, दिग्दर्शनाची खुर्ची घ्यावी, पडद्याआड पुस्तक धरून प्रॉम्प्टर व्हावे. दुर्गाबाई छत्तिसाव्या वर्षी सासू झाल्या. आपल्याला तर साठीपर्यंत सवलत मिळाली आहे!

कोणी विचारील, मग आम्ही इतकी वर्षे मिळवलेले जाणार कुठे? ते जाणार नाही. तारामती जशी जोधाबाईच्या डोळ्यांत राहिली, तसे ते आपल्या आवाजात, उभे राहण्यात, समोरच्या मुलाला नेमक्या वेळी शब्द पुरवण्यात राहील. नव्या नायिकेला वाक्य आठवेना म्हणजे ती क्षणभर विंगेकडे पाहते. त्या वेळी तेथे आपण उभे असलो पाहिजे.